आवाजाने दगड घडवणारा पंथ खरंच असता तर त्यांना काय काय शिकावं लागलं असतं?

समजा एक पंथ आहे. साधूंचा नाही, अभ्यासकांचा. पिढ्यानपिढ्या एकच विद्या, आवाजाने दगड घडवायचा. छिन्नी नाही, हातोडा नाही, एक स्वर लावला की कातळ सुटतो आणि दुसरा लावला की स्फटिक वाढायला लागतो. फँटसी कथांमध्ये आणि गेम्समध्ये असे पंथ बरेचदा भेटतात आणि कल्पना काही आजची नाही, ग्रीक पुराणात अँफियन नावाचा एक वादक आहे, त्याचं वाद्य ऐकून दगड आपणहून सरकत गेले आणि थीब्ज शहराचा तट उभा राहिला असं सांगतात.

मला हा विषय फार जवळचा आहे कारण यातला पंथ काल्पनिक असला तरी विद्या बरीचशी खरी आहे. आवाजाने दगड फुटतो, दगडात भोक पाडता येतं, स्फटिक बनायला सुरुवात करून देता येते, आणि हे सगळं आज रोज चालू आहे, हॉस्पिटलमध्ये, कारखान्यात, दातांच्या डॉक्टरकडे तर आपल्या स्वतःच्या तोंडात. फक्त ते गोष्टीत दाखवतात तसं घडत नाही. म्हणून मी हे सगळं असं मांडतोय की असा पंथ खरंच असता आणि निसर्गाचे नियम पाळूनच काम करत असता तर नव्या शिष्याला काय काय आणि कोणत्या क्रमाने शिकवलं असतं.

सगळ्यात आधी त्याच्या डोक्यातून मोठ्या आवाजाचं वेड काढावं लागलं असतं. गोष्टींमध्ये गुरू जोरात गर्जना करतो आणि खडक दुभंगतो, पण जरा आकडे बघा. आवाज म्हणजे हवेच्या दाबात होणारी चढउतार, आणि दाब मोजायचं एकक पास्कल. विसर्जन मिरवणुकीत डीजेच्या भिंतीसमोर उभं राहिलं की छातीत धडधडतं, तिथे समजा १२० डेसिबल आवाज आहे, तर त्यातली दाबाची चढउतार असते फक्त २० पास्कल. तो आवाज कातळावर आपटला की पृष्ठभागावर दाब जवळपास दुप्पट होतो, म्हणजे ४० धरू. आणि ग्रॅनाइट ताणून तोडायचा तर साधारण १ कोटी पास्कल लागतात. ४० कुठे आणि १ कोटी कुठे. शंभर डीजे आणून काही होणार नाही.

दुसरी अडचण याहून मोठी आहे आणि माझ्या मते या सगळ्या विद्येची किल्ली तिच्यातच आहे. हवेतला आवाज दगडात शिरतच नाही. प्रत्येक पदार्थाचा आवाजाला एक अडथळा असतो, तो ठरतो पदार्थ किती जड आहे आणि त्यात आवाज किती वेगाने पळतो यावरून. हवेत आवाज सेकंदाला ३४३ मीटर जातो, पाण्यात साधारण १४८० आणि चांगल्या ग्रॅनाइटमध्ये पाच हजारांच्या वर. दोन पदार्थांचे अडथळे जितके वेगळे तितका आवाज त्यांच्या सीमेवरून परत फिरतो. हवा आणि ग्रॅनाइटचा हिशोब केला तर आवाजाच्या ऊर्जेतला दहा हजारात फक्त एक भाग आत जातो, बाकी सगळी मागे. म्हणूनच तर डोंगरात हाक मारली की प्रतिध्वनी येतो, दगडाने ती हाक जवळजवळ सगळीच परत केलेली असते.

आता हवेच्या जागी पाणी घ्या. पाण्यातून ग्रॅनाइटमध्ये साधारण एक तृतीयांश ऊर्जा आत शिरते. दहा हजारात एक विरुद्ध तिनात एक! विहिरीत पोहलेल्यांना याचा अर्धा अनुभव असतोच, आपण डुबकी मारलेली असताना काठावरची पोरं कितीही ओरडली तरी नीट कळत नाही, पण पाण्याखाली कोणी दोन दगड एकमेकांवर आपटले तर टक् असा आवाज अगदी कानाशी येतो. सोनोग्राफी करताना पोटावर तो गार जेल लावतात त्याचं कारणही हेच, यंत्र आणि कातडी यांच्यामध्ये हवेचा पातळ थर जरी राहिला तरी आवाज आत जात नाही.

म्हणजे आपला पंथ खरा असता तर त्यांचा मठ उंच कड्यावरच्या घुमणाऱ्या सभागृहात नसता, तो नदीकाठी किंवा तळ्याकाठी असता आणि कार्यशाळा म्हणजे पाण्याने भरलेले हौद असते. गाणाऱ्यांपेक्षा पाणी सांभाळणाऱ्यांना तिथे जास्त मान असता.

तुम्ही म्हणाल की मग काचेचा ग्लास गाऊन कसा फुटतो, ते तर हवेतूनच होतं ना. होतं, आणि ते खरं आहे, २००५ मध्ये अमेरिकेतल्या एका टीव्ही कार्यक्रमात एका रॉक गायकाने माइक-स्पीकर न वापरता नुसत्या गळ्याने ग्लास फोडून दाखवला होता. ग्लासला टिचकी मारली की जो स्वर येतो तो त्याचा स्वतःचा स्वर, नेमका तोच स्वर बाहेरून लावून धरला की प्रत्येक कंपनाबरोबर थोडी थोडी ऊर्जा साठत जाते, झोका नेमक्या वेळी ढकलत राहिलं की उंच उंच जातो तसं. याला अनुनाद म्हणतात. पण ग्लास फुटतो कारण त्याची भिंत अगदी पातळ असते, थोड्या दाबानेही ती बरीच वाकते, शिवाय चांगल्या काचेत कंपनं लवकर मरत नाहीत म्हणून साठा वाढत राहतो. कातळाच्या जाड ठोकळ्याला यातलं काहीच लागू नाही. अनुनादाने वरच्या ४० पास्कलचे शंभरपट केले तरी चार हजारच होतात.

मग दगड फोडायला काय लागतं? इथे दगडाचा स्वभाव कळला पाहिजे. दगड दाबाला प्रचंड मजबूत आणि ताणाला कमजोर, फरक साधारण दहा ते वीस पट. जुन्या दगडी देवळांमध्ये खांब इतके जवळजवळ का असतात, तर वर आडवी ठेवलेली दगडी तुळई लांब झाली की तिच्या खालच्या बाजूला ताण येतो आणि ती मोडते. म्हणजे आवाजाने दगड फोडायचा तर त्याला दाबून नाही, ताणून फोडायचा.

आणि हे काम माणसाने खरंच करून दाखवलं, तेही माणसाच्या शरीराच्या आत. मूतखडा फोडायची लिथोट्रिप्सी. याची गोष्ट सुरू होते जर्मनीतल्या डॉर्निएर या विमान बनवणाऱ्या कंपनीत, अतिवेगाने जाणाऱ्या विमानावर पावसाचे थेंब आपटले की धातूला खड्डे पडतात, ते का पडतात हे शोधताना धक्कालहरींचा अभ्यास झाला आणि त्यातून कल्पना निघाली की या लहरी शरीरात पाठवून खडा फोडता येईल का. ७ फेब्रुवारी १९८० ला म्युनिकमध्ये ख्रिश्चन शॉसी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पहिल्या पेशंटवर हा उपचार केला. सुरुवातीच्या मशीनमध्ये पेशंटला चक्क पाण्याच्या टबमध्ये बसवायचे (पाणी का ते आता सांगायला नको), हल्लीच्या मशीनमध्ये पाणी भरलेली उशी अंगाला टेकवतात आणि मध्ये जेल लावतात.

यातली रचना मला अजूनही थक्क करते. एक धातूची वाटी असते, तिचा आकार लंबवर्तुळाचा. लंबवर्तुळाला दोन नाभी असतात आणि एका नाभीतून निघालेली लहर कुठेही आपटली तरी दुसऱ्या नाभीतच येऊन मिळते. पहिल्या नाभीत पाण्याखाली विजेची ठिणगी पाडायची आणि पेशंटला असं ठेवायचं की खडा दुसऱ्या नाभीत येईल. वाटेतल्या मांसातून, स्नायूंतून लहर पसरट असते, शिवाय शरीर बहुतांश पाणीच, त्यामुळे ती फारसं नुकसान न करता आत जाते आणि खड्यापाशी एकवटते. तिथे दाब होतो साधारण ३ ते १० कोटी पास्कल, म्हणजे हवेच्या नेहमीच्या दाबाच्या शेकडो पट, आणि तोही सेकंदाच्या काही दशलक्षांश भागापुरता. लहर खड्यात शिरते, आरपार जाते, आणि खड्याच्या मागच्या बाजूला पुन्हा पाणी लागलं की तिचा काही भाग उलटा फिरतो. फिरताना तो दाबाचा ताण होऊन फिरतो! खडा त्यामुळे मागच्या बाजूने आतून फाटतो. शिवाय भोवतीच्या पाण्यात बारीक बुडबुडे तयार होऊन फुटतात आणि ते खड्याचा पृष्ठभाग कुरतडतात. असे दोन-तीन हजार धक्के, सेकंदाला एक-दोन या संथ गतीने. घाई केली तर आधीच्या धक्क्याचे बुडबुडे विरायच्या आत पुढची लहर येते आणि ते तिला वाटेतच अडवतात, म्हणून सावकाश दिलेले धक्के जास्त चांगला परिणाम देतात.

त्या बुडबुड्यांबद्दल थोडं अजून सांगायलाच हवं. पाण्यात तीव्र आवाज सोडला की ताणाच्या क्षणी पाणी जागोजागी फाटतं आणि सूक्ष्म पोकळ्या होतात, दाबाच्या क्षणी त्या कोसळतात. पृष्ठभागाजवळची पोकळी एका बाजूने कोसळते आणि तिच्यातून पाण्याची बारीक धार प्रचंड वेगाने पृष्ठभागावर आदळते. जहाजांना ढकलणारे धातूचे पंखे याच कारणाने खड्डे पडून खराब व्हायचे आणि १९१७ मध्ये लॉर्ड रॅले यांनी पोकळी कोसळताना किती दाब तयार होतो याचं गणित मांडलं. सराफाकडे दागिने साफ करायचं अल्ट्रासोनिक (म्हणजे माणसाला ऐकू येतो त्याहून वरच्या आवाजावर चालणारं) मशीन असतं त्यात हेच बुडबुडे काम करतात, आणि म्हणूनच जाणकार सराफ पाचू किंवा मोती त्यात टाकत नाही. पाचूत नैसर्गिक भेगा असतात, बऱ्याचदा त्या तेलाने भरलेल्या असतात, मशीनमध्ये ते तेल निघून जातं आणि भेग वाढू शकते. दातांवर चढलेला टार्टर म्हणजे तोंडातला दगडच, तो काढायला डेंटिस्ट जे कंप पावणारं टोक वापरतात ते सेकंदाला पंचवीस-तीस हजार वेळा थरथरतं आणि सोबत पाण्याचा फवारा चालू असतो.

फोडणं जमलं, पण पंथाचं खरं काम घडवण्याचं. हवा तो आकार कसा आणायचा?

इथे एक कडक नियम आडवा येतो. कुठलीही लहर स्वतःच्या लांबीपेक्षा फार बारीक काम करू शकत नाही. २० हजार हर्ट्झचा आवाज, म्हणजे सेकंदाला २० हजार कंपनं, माणसाला ऐकू येण्याच्या वरच्या टोकाचा, ग्रॅनाइटमध्ये त्याची तरंगलांबी होते जवळपास २७ सेंटिमीटर. मूर्तीचं नाक करायचं म्हटलं तर ही लहर निरुपयोगी. मिलिमीटरभर बारकावा हवा तर ५० लाख हर्ट्झच्या आसपास जावं लागेल, पण ग्रॅनाइट हा कणाकणांचा बनलेला, एवढी बारीक लहर त्या कणांना आपटून आपटून विखरून जाते, खोलवर पोचतच नाही. म्हणजे जाड लहर आत जाते पण बोथट, बारीक लहर धारदार पण आत जात नाही. नुसत्या लहरीने मूर्ती का होत नाही याचं हे खरं कारण.

यातून वाट काढली ती आकार लहरीकडून न मागता हत्याराकडून मागून. १९२७ मध्ये अमेरिकेत रॉबर्ट वुड आणि आल्फ्रेड लूमिस या दोघांनी तीव्र अल्ट्रासाउंडवर प्रयोग केले, त्यात काचेची कंप पावणारी बारीक दांडी लाकडाला टेकवली तर लाकूड करपायचं. पुढे १९४० च्या दशकात लुईस बालामुथ यांनी यातून दगड-काच कापायची पद्धत काढली, अल्ट्रासोनिक मशीनिंग. एका धातूच्या हत्याराला हवा तो आकार द्यायचा, चांदणी म्हणा, चौकोन म्हणा, ते सेकंदाला २० हजार वेळा मिलिमीटरच्या काही शतांश इतकं खालीवर हलवायचं, आणि हत्यार व दगड यांच्यामध्ये पाण्यात कालवलेली कठीण भुकटी सोडत राहायची, बोरॉन कार्बाइड किंवा सिलिकॉन कार्बाइडची. हत्यार दगडाला कापत नाही, ते भुकटीच्या कणांना ठोकतं आणि प्रत्येक कण दगडाचा सूक्ष्म टवका उडवतो. हळूहळू हत्यार आपल्या आकाराचं भोक पाडत आत उतरतं. यात गंमत अशी की हत्यार साध्या मऊ पोलादाचं चालतं आणि समोरचा पदार्थ जितका कडक आणि ठिसूळ तितकं काम सोपं, मऊ धातूवर ही पद्धत फारशी चालत नाही. काच, क्वार्ट्झ, सिरॅमिक, रत्नं, सगळ्यांवर चालते. नासाच्या जेट प्रोपल्शन लॅबमध्ये तर याच धर्तीवर खडक ड्रिल करायचं यंत्र बनवलं, कारण लघुग्रहावर गुरुत्वाकर्षण इतकं कमी की ड्रिल जोरात दाबायला गेलं तर आपलं यानच वर उचललं जाईल, कंपनाचं ड्रिल मात्र फार कमी दाबाने काम करतं.

इथे एक गोष्ट मनापासून सांगायची आहे. वेरूळचं कैलास मंदिर ध्वनिविद्येने कापलं, किंवा पिरॅमिडचे दगड आवाजाने उचलले, असे व्हिडिओ खूप फिरतात. आवाजाने वस्तू हवेत तरंगवता येतात हे खरं आहे, चीनमध्ये शीआनच्या संशोधकांनी इरिडियमसारख्या अतिजड धातूचा कणही तरंगवला, पण हे बहुतेक सगळं मिलिमीटरच्या मापात. कैलासच्या भिंतींवर छिन्नीचे घाव आजही दिसतात. आठव्या शतकात राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला याच्या काळात माणसांनी तो डोंगर वरून खाली कोरत आणला, काळ्या बेसॉल्टमध्ये, चुकीला वाव न ठेवता. त्यांच्या हातांचं श्रेय कुठल्यातरी हरवलेल्या यंत्राला देणं मला अन्यायाचं वाटतं.

उलट त्या पाथरवटांना आवाजाची विद्या होतीच, फक्त ती वेगळी, ऐकण्याची. दगड निवडताना त्यावर ठोकून बघायचं, खणखणीत वाजला तर आतून एकसंध, बद्द वाजला तर कुठेतरी भेग. शिल्पशास्त्राच्या ग्रंथांत दगडांचे पुरुष, स्त्री आणि नपुंसक असे प्रकार केलेत आणि त्यांची ओळख सांगताना आवाजाचाच आधार घेतलाय, घंटेसारखा नाद देणारा तो पुरुष दगड. आज इंजिनिअर जुन्या पुलाच्या काँक्रीटमधून अल्ट्रासाउंडचा ठोका पाठवून वेग मोजतात तेव्हा तेच करत असतात, सेकंदाला ४.५ किलोमीटरच्या वर वेग आला तर काँक्रीट उत्तम, ३ च्या खाली गेला तर संशय.

हंपीच्या विठ्ठल मंदिरातले वाजणारे खांब ऐकून माहीत असतील (आपल्या पंढरपूरची मूर्ती एकदा तिकडे नेली होती आणि नाथांचे पणजोबा भानुदास यांनी ती परत आणली अशी परंपरा आहे, तेच मंदिर). हे खांब पोकळ असतील असं लोक समजायचे. कल्पक्कमच्या इंदिरा गांधी अणुसंशोधन केंद्रातल्या शास्त्रज्ञांनी त्यांना धक्का न लावता तपासणी केली तर खांब भरीव निघाले, बारीक खांब ठोकल्यावर किंचित वाकून कंप पावतो आणि त्या वाकण्याच्या कंपनांतून स्वर येतो. तिथून जवळच बल्लारीकडे कुपगलच्या टेकडीवर काही काळे दगड आहेत, त्यांच्यावर वाटीसारखे खळगे पडलेत आणि त्या खळग्यांवर ठोकलं की दगड घंटेसारखा वाजतो, नवाश्मयुगातली माणसं ते वाजवत असावीत असं संशोधकांचं म्हणणं आहे. म्हणजे दगडाचं ऐकणारी मंडळी आपल्याकडे हजारो वर्षांपासून आहेत.

हे ऐकणं डोळ्यांनी बघायची सोय केली अर्न्स्ट क्लाड्नी या जर्मन माणसाने, १७८७ मध्ये. धातूच्या किंवा काचेच्या पत्र्यावर वाळू पसरायची आणि कडेला व्हायोलिनचा गज ओढायचा, पत्रा जिथे थरथरतो तिथून वाळू पळते, जिथे स्थिर राहतो तिथे गोळा होते, आणि रांगोळीसारखी नक्षी उमटते. स्वर बदलला की नक्षी बदलते. १८०९ मध्ये हे नेपोलियनला दाखवलं, त्याने यामागचं गणित मांडणाऱ्याला बक्षीस लावलं आणि ते १८१६ मध्ये सोफी जर्मेन या फ्रेंच गणितज्ञ बाईंनी मिळवलं. पंथाच्या शाळेत पहिल्या वर्षाचं प्रात्यक्षिक नक्की हेच असतं.

आता राहिला स्फटिक, माझ्या मते पंथाचं सर्वोच्च शिक्षण इथे झालं असतं. ग्रॅनाइटमध्ये बारीक लहर विखरते कारण आत कण आहेत, पण क्वार्ट्झचा एकसंध स्फटिक म्हणजे आतले सगळे अणू एकाच शिस्तीत, लहर अडवायला कणांच्या सीमाच नाहीत, त्यामुळे बारीक लहरही लांबवर जाते आणि कंपनं फार वेळ टिकतात. स्फटिक वाढवायलाही आवाज मदत करतो, एखाद्या द्रावणात गरजेपेक्षा जास्त पदार्थ विरघळलेला असेल तर अल्ट्रासाउंडचा झटका दिला की सगळीकडे एकदम बारीक स्फटिक धरायला लागतात, औषधं बनवताना स्फटिकांचा आकार सारखा राहावा म्हणून ही युक्ती वापरतात.

आणि क्वार्ट्झ स्वतः बोलतो. १८८० मध्ये झाक आणि पियर क्युरी या भावांनी दाखवलं की क्वार्ट्झ दाबला की त्यावर विद्युतभार येतो, पुढच्याच वर्षी उलटंही सिद्ध झालं, वीज दिली की तो आकार बदलतो. म्हणजे वीज चालू-बंद करत राहिलं की स्फटिक थरथरतो, आवाज करतो, आणि समोरून आलेला आवाज विजेत बदलूनही देतो. पहिल्या महायुद्धात पॉल लांजवँ यांनी हेच वापरून पाण्याखाली अल्ट्रासाउंड सोडायचं यंत्र बनवलं, पाणबुड्या शोधायला.

घरातल्या भिंतीवरच्या घड्याळात सेल टाकतो ना, त्यात क्वार्ट्झचा एक छोटासा तुकडा असतो, दोन दांड्यांच्या चिमट्यासारखा कापलेला. त्याचा स्वर लावलेला असतो ३२,७६८ हर्ट्झला, कारण ही संख्या पंधरा वेळा अर्धी केली की बरोबर १ येते, म्हणजे सेकंदाला एक ठोका. पण कारखान्यात नुसता कापून तो इतका नेमका येत नाही. म्हणून दांड्यांच्या टोकांवर सोन्याचा अगदी पातळ थर देतात, स्फटिक वाजवत ठेवतात आणि लेझरने ते सोनं जरा जरा उडवत जातात, वजन घटलं की स्वर चढतो, आणि तो ३२,७६८ ला पोचला की लेझर थांबवतात.